ग्लूमहेवनमध्ये पात्र कसं घडवायचं: लेव्हल, पत्ते, पर्क आणि सोनं

ग्लूमहेवन हा बोर्ड गेम खेळणाऱ्या नव्या गटात पहिली लेव्हल चढली की एक तक्रार हमखास ऐकू येते: लेव्हल वाढली, पण खेळ काही सोपा झाला नाही. ही तक्रार खरी आहे आणि तिचं कारण नियमांतच आहे. या खेळात राक्षसांची ताकद खेळाडूंच्या सरासरी लेव्हलवर ठरते. तुम्ही वर गेलात की तेही वर येतात. त्यामुळे नुसत्या लेव्हलच्या मागे धावणारं पात्र जागच्या जागीच राहतं. फरक पडतो तो राक्षसांना काहीही न देता फक्त तुम्हाला बळ देणाऱ्या गोष्टींनी: हातात कोणते पत्ते ठेवता, बॅटल गोल नावाच्या छोट्या उद्दिष्टांमधून किती पर्क, म्हणजे पात्राच्या कायमच्या सुधारणा, मिळवता आणि सोनं कशावर खर्च करता. हा लेख त्यांच्याबद्दल आहे.

आयझॅक चिल्ड्रेस यांचा हा खेळ २०१७ मध्ये आला. एक ते चार खेळाडू, ९५ सिनॅरिओ (म्हणजे मोहिमा), १७ प्रकारची पात्रं, आणि त्यातली सुरुवातीला उघडी फक्त सहा: ब्रूट, टिंकरर, स्पेलवीव्हर, स्काउंड्रल, क्रॅगहार्ट आणि माइंडथीफ. बाकीच्या अकरांची नावंही इथे येणार नाहीत. ती बंद खोक्यांत असतात, आणि ती खोकी स्वतः उघडण्यातला आनंद कुणाचा हिरावू नये. सगळे आकडे पहिल्या आवृत्तीचे आहेत. ‘जॉज ऑफ द लायन’ या धाकट्या खेळापासून सुरुवात केली असेल, तर एक्सपी (अनुभवाचे गुण), पत्ते आणि पर्कबद्दलचं बरंचसं तिथेही लागू पडतं, पण निवृत्ती आणि पत्त्यांवरचे स्टिकर तिथे नाहीत.

पहिली पायरी: एक्सपी नेमका कुठून येतो ते ओळखा

इतर डंजन खेळांतून आलेल्यांना सवय असते ती राक्षस मारला की अनुभव मिळण्याची. इथे राक्षस मारण्याचा एक्सपी शून्य. सिनॅरिओत तो दोनच ठिकाणांहून येतो. एक, काही पत्त्यांवर छापलेला एक्सपी, म्हणजे ती कृती केली की मिळणारा. दोन, सिनॅरिओ जिंकल्यावरचा बोनस: ४ अधिक सिनॅरिओच्या लेव्हलची दुप्पट. म्हणजे लेव्हल १ च्या सिनॅरिओत ६, लेव्हल २ च्या सिनॅरिओत ८.

दुसऱ्या लेव्हलला ४५ एक्सपी लागतात, तिसरीला ९५, चौथीला १५०, पाचवीला २१०, सहावीला २७५, सातवीला ३४५, आठवीला ४२० आणि नववीला ५००. एका सिनॅरिओत पत्त्यांमधून ८ मिळाले आणि जिंकून ६, तर चौथ्या विजयानंतर तुम्ही दुसऱ्या लेव्हलवर असता. पत्त्यांमधून ४ च काढले, तर त्यालाच पाच विजय लागतात. इतकाच फरक आहे. म्हणून एक्सपीसाठी चाल वाकडी करू नका. शेजारी साथीदार मरणाच्या दारात असताना एका एक्सपीसाठी भलताच पत्ता टाकणारा खेळाडू अख्ख्या गटाचा बोनस धोक्यात घालतो.

हरलात तरी जमलेला एक्सपी आणि उचललेली नाणी तुमचीच राहतात. जातो तो बोनस, आणि जातात बॅटल गोलच्या खुणा. म्हणून सिनॅरिओ हातातून निसटतोय हे दिसलं की उरलेल्या फेऱ्यांत एक्सपीचे पत्ते खेळून घ्या आणि आवाक्यातली नाणी उचला.

दुसरी पायरी: एकदाच वापरायचे पत्ते केव्हा टाकायचे

सर्वाधिक एक्सपी सहसा त्या पत्त्यांवर असतो जे वापरले की सिनॅरिओभर परत येत नाहीत. त्यांची खरी किंमत वेळेत मोजायची.

ब्रूटच्या हातात १० पत्ते. दर फेरीला दोन जातात, हात संपला की विश्रांती घेऊन ते परत घेताना एक त्या सिनॅरिओपुरता कायमचा गमवावा लागतो. एकही पत्ता ‘जाळला’ नाही, म्हणजे एकदाच वापरायचा पत्ता टाकला नाही, तर त्याला एकूण २५ खेळी मिळतात. पहिल्याच फेरीत एक असा पत्ता टाकला तर २१ च उरतात. म्हणजे एका पत्त्याची किंमत चार खेळी. तोच पत्ता शेवटच्या खोलीत, हातात चार-पाच पत्ते उरलेले असताना टाकला तर एखादी खेळी जाते, कधी तीही जात नाही. स्काउंड्रलचे ९ पत्ते म्हणजे २० खेळी, क्रॅगहार्टचे ११ म्हणजे ३०, टिंकररचे १२ म्हणजे ३६. टिंकरर त्यामुळे मधूनमधून एखादा पत्ता जाळू शकतो, स्काउंड्रलला ते परवडत नाही.

स्पेलवीव्हरकडे फक्त ८ पत्ते, पण त्यातला ‘रिव्हायव्हिंग ईथर’ गमावलेले सगळे पत्ते परत आणतो. म्हणून तिचं गणित उलटं: त्या पत्त्याच्या आधी मोठे, एकदाच वापरायचे पत्ते मोकळ्या हाताने खेळा आणि मग ते सगळे एकदम परत घ्या. मात्र शॉर्ट रेस्ट या झटपट विश्रांतीत कोणता पत्ता जाणार हे नशिबावर असतं, त्यामुळे ‘रिव्हायव्हिंग ईथर’ टाकलेल्यांच्या ढिगात कधीच जाऊ देऊ नका.

सुरुवातीला करण्यासारखा अपवाद एकच: टेबलावर राहून पुढे सतत फायदा देणारे पत्ते. माइंडथीफचा ‘द माइंड्स वीकनेस’ प्रत्येक जवळच्या हल्ल्याला +२ देतो. तो पहिल्याच फेरीत समोर असायला हवा, कारण उशिराच्या फेऱ्यांत प्रत्येक हल्ल्यामागे तुम्ही दोन गुणांचा मार हरता.

तिसरी पायरी: लेव्हल चढताना सिनॅरिओच्या लेव्हलवर डोळा ठेवा

सूत्र सोपं आहे. सगळ्यांच्या लेव्हलची सरासरी काढा, निम्मी करा, अपूर्णांक आला तर वरचा पूर्णांक घ्या. एकटे खेळत असाल तर त्यात एक मिळवा.

चौघे दुसऱ्या लेव्हलवर असताना सरासरी २, निम्मी १, म्हणजे सिनॅरिओची लेव्हल १. आता एकच जण तिसऱ्या लेव्हलवर गेला. सरासरी २.२५, निम्मी १.१२५, वर नेली की २. एका माणसाच्या एका लेव्हलने सगळ्यांसमोरचे राक्षस एक पायरी चढले, सापळ्याचा मार ३ वरून ४ झाला. बदल्यात बोनस ६ वरून ८ झाला आणि जमिनीवरचं प्रत्येक नाणं २ ऐवजी ३ सोन्याचं झालं. हीच ती वेळ, जेव्हा गटाला खेळ अचानक जड वाटायला लागतो. जे तिघे मागे आहेत त्यांनी या टप्प्यावर आपल्या वस्तू आणि पर्क आधीच नीट करून ठेवलेले असावेत.

दोनदा लागोपाठ हरलात तर लेव्हल एकने उतरवून खेळा. नियम तशी मुभा देतात आणि त्यात कमीपणा काहीच नाही. बोनस दोनने कमी होतो, कधी नाण्याची किंमतही उतरते, एवढंच.

चौथी पायरी: नवा पत्ता घेताना ‘कोणता बाहेर जाणार’ ते आधी ठरवा

प्रत्येक लेव्हलला तुमच्या संग्रहात एक पत्ता येतो. प्रत्येक लेव्हलचे दोन पत्ते असतात. त्यातला एक घ्यायचा, किंवा आधी सोडलेला खालच्या लेव्हलचा. पण हातात घ्यायच्या पत्त्यांची संख्या कधीच वाढत नाही. ब्रूट नवव्या लेव्हललाही १० च पत्ते घेऊन आत शिरतो. त्यामुळे ‘हा पत्ता चांगला आहे का’ हा प्रश्न अपुरा आहे. हा आला तर माझ्या दहांतला कोणता बाहेर बसेल, आणि तो बाहेर बसल्याने काय अडेल, हे विचारायचं.

ते तपासायची माझी पद्धत अशी. प्रत्येक पत्त्यावर वर एक आणि खाली एक कृती असते. सगळे पत्ते टेबलावर दोन रांगांत मांडा: ज्यांचा वरचा भाग तुम्ही खरोखर वापरता ते वरच्या रांगेत, ज्यांचा खालचा भाग वापरता ते खालच्या. दर खेळीला एक वरचा आणि एक खालचा भाग लागतो, म्हणून दोन्ही रांगा साधारण समान हव्यात. नवे खेळाडू वरचे जबर हल्ले पाहून पत्ते निवडत जातात आणि चौथ्या लेव्हलपर्यंत पोहोचतात तेव्हा खालच्या रांगेत चालण्याचे पत्तेच उरलेले नसतात. हल्ला आठाचा, पण राक्षस चार घरं लांब.

मग इनिशिएटिव्हचे आकडे बघा. लहान आकडा आधी खेळतो. हातात निदान दोन-तीन पत्ते २० च्या खालचे आणि दोन-तीन ७० च्या वरचे हवेत. एका फेरीत शेवटी खेळून, राक्षसांना जवळ येऊ देऊन, पुढच्याच फेरीत सगळ्यांत आधी मारून मागे सरकणं ही या खेळातली सगळ्यांत उपयोगी चाल आहे आणि ती फक्त आकड्यांच्या पसरटपणावर उभी आहे. जुना, कमजोर दिसणारा पत्ता केवळ त्याच्या आकड्यासाठी ठेवावा लागतो. मला अशा पत्त्यांबद्दल फार आदर आहे. कागदावर तिसऱ्या लेव्हलचा पत्ता त्याहून भारी असतो, पण वेळ साधून देतो तो हा जुनाच.

गटात कोण काय करतं हेही बघा. गटात पुढे उभं राहणारा ब्रूट असेल तर क्रॅगहार्टने ढालीचे पत्ते सोडून दगड आणि लांबचा मारा घ्यावा. दोघेच खेळत असाल तर प्रत्येकाला थोडं सगळंच लागतं.

आयुष्याचे गुण आपोआप वाढतात: ब्रूटचे १० पासून दर लेव्हलला २, स्पेलवीव्हरचे ६ पासून दर लेव्हलला १. तिथे निवड नाही.

पाचवी पायरी: पर्क कोणत्या क्रमाने घ्यायचे

ही जागा मला सगळ्यांत आवडते, कारण इथे गणित अगदी उघडं आहे आणि तरीही बरेच खेळाडू मोहक पर्ककडे आधी जातात.

प्रत्येकाचा मॉडिफायर डेक, म्हणजे हल्ला करताना ज्यातून पत्ता उचलून हल्ल्याचा आकडा बदलतो तो गठ्ठा, २० पत्त्यांचा असतो: सहा ०, पाच +१, पाच −१, एक +२, एक −२, एक हल्ला पूर्ण फुकट घालवणारा आणि एक दुप्पट करणारा. बेरीज शून्य. हल्ला ३ चा असेल तर सरासरीने तो ३ चाच लागतो. पर्क म्हणजे हा डेक आपल्या बाजूला झुकवण्याचं साधन.

‘दोन −१ काढा’: बेरीज +२ होते आणि पत्ते १८ उरतात. दर पत्त्यामागे सुमारे ०.११. ‘एक −१ काढून त्याजागी +१’: बेरीज तीच +२, पत्ते २०, म्हणजे ०.१०. ‘दोन +१ मिळवा’: +२ भागिले २२, म्हणजे ०.०९, पण फुकट जाणाऱ्या पत्त्याची शक्यता ५ टक्क्यांवरून साडेचारवर येते. ब्रूटचा ‘एक +३ मिळवा’: ३ भागिले २१, ०.१४. आकडे लहान दिसतात, पण एका सिनॅरिओत तुम्ही पंधरा-वीस वेळा पत्ता उचलता, आणि −१ आल्यामुळे एका गुणाने वाचलेला राक्षस पुढच्या फेरीत तुम्हालाच मारतो.

‘चार ० काढा’ हा पर्क स्काउंड्रल आणि स्पेलवीव्हर दोघांकडे आहे. तो पहिल्यांदा घेऊ नका. मूळ डेकमधून चार शून्य काढल्यावर बेरीज शून्यच राहते, फक्त पत्ते १६ होतात. फुकट जाणारा आणि दुप्पट करणारा, दोन्ही पत्ते जास्त वेळा येतात. डेक चांगला झाल्यावर मात्र हाच पर्क मोलाचा ठरतो. स्पेलवीव्हरने आधी दोनदा −१ च्या जागी +१ घेतला तर बेरीज +४. ती २० पत्त्यांवर ०.२० पडते आणि चार शून्य काढल्यावर १६ पत्त्यांवर ०.२५. म्हणून क्रम असा: आधी उणे काढा किंवा बदला, मग मोठे अधिक घ्या, मग शून्य काढा.

विष, स्तब्ध करणं, ढकलणं असे परिणाम देणारे पर्क त्यानंतर. ते दिसायला देखणे असतात, पण केव्हा येतील हे तुमच्या हातात नसतं. एका हल्ल्यात अनेकांना मारणाऱ्या पात्राला ते लवकर लाभतात, कारण प्रत्येक लक्ष्यासाठी वेगळा पत्ता उचलला जातो. एकेकालाच मारणाऱ्या स्काउंड्रलने मात्र वजाबाकी आधी संपवावी.

एक व्यावहारिक गोष्ट. हा डेक सतत पिसला जातो आणि पर्कमुळे त्यात कोरे, न हाताळलेले पत्ते येऊन मिसळतात. मुंबई-कोकणच्या दमट हवेत जुन्या-नव्या पत्त्यांतला फरक बोटांना लगेच कळतो. निदान मॉडिफायर पत्त्यांना तरी प्लास्टिकचे स्लीव्ह घाला.

सहावी पायरी: बॅटल गोल मनावर घ्या

प्रत्येक सिनॅरिओआधी दोन बॅटल गोल मिळतात, त्यातला एक ठेवायचा. जिंकून तो पूर्ण झाला तर एक, काहींना दोन खुणा. तीन खुणांचा एक पर्क. जागा १८ खुणांची, म्हणजे सहा पर्क. नवव्या लेव्हलपर्यंत लेव्हलमधून मिळणारे पर्क आठ. बघा, जवळजवळ निम्मा डेक इथून घडतो, आणि यातल्या एकाही खुणेने राक्षसांची लेव्हल वाढत नाही. मग ज्या गटांत ‘राहू दे, तो गोल काही जमत नव्हता’ असं दर वेळी म्हटलं जातं, ते स्वतःचं किती नुकसान करतात!

निवडताना आधी सिनॅरिओचं उद्दिष्ट वाचा. सगळे राक्षस मारायचे असतील तर कमीत कमी राक्षस मारण्याचा गोल टिंकररला जमेल, ब्रूटला नाही. शेवटी हातात पुरेसे पत्ते राखायचा गोल लहान नकाशावर सोपा. उलट, शेवटी मोजकेच पत्ते उरायला हवेत असा गोल असेल तर दुसऱ्या पायरीतले एक्सपीचे पत्ते मनसोक्त जाळायला निमित्तच मिळतं. शेवटचा राक्षस पडायच्या एक फेरी आधी गोल पूर्ण आहे ना ते तपासा, कारण फेरी संपली की सिनॅरिओही संपतो.

सातवी पायरी: सोनं

सोनं ज्याचं त्याचं. या खेळात नाणी किंवा वस्तू एकमेकांना देता येत नाहीत. म्हणून मागे राहून सगळ्यांना बरं करणाऱ्या खेळाडूच्या वाटेत दोन-चार नाणी मुद्दाम सोडणं हा समजूतदार गटाचा भाग आहे. तुमची खेळी ज्या घरावर संपते तिथलं नाणं आपोआप मिळतं. म्हणून चालण्याचा शेवटचा टप्पा नाण्यावर पडेल असा मार्ग आखा.

पहिल्या लेव्हलच्या पात्राकडे ३० सोनं असतं. माझी शिफारस बहुतेक पात्रांसाठी एकच: २० चे बूट्स ऑफ स्ट्रायडिंग आणि १० चं मायनर स्टॅमिना पोशन. बूट एका चालीला +२ घरं देतात, पोशन टाकलेले दोन पत्ते परत हातात आणतं, म्हणजे एक अख्खी जास्तीची खेळी. दुसऱ्या पायरीतला हिशोब आठवा, म्हणजे दहा सोन्यात हे किती स्वस्त आहे ते कळेल. तिथेच १० ला मिळणारं हाईड आर्मर मात्र विचार करून घ्या. ते डेकमध्ये दोन −१ घालतं आणि तुमचा पहिला पर्क तिथेच खर्ची पडतो. ब्रूटकडे वस्तूंचे असे दुष्परिणाम टाळणारा पर्क आहे. तो घेतल्यावर जड चिलखत त्याला शोभतं.

लहान वस्तूंची जागा लेव्हलच्या निम्मी, वर नेलेली: पहिल्या लेव्हलला एक, तिसरीला दोन, पाचवीला तीन. तिसरी लेव्हल जवळ आली की दुसऱ्या पोशनचे पैसे बाजूला ठेवा. विकताना निम्मीच किंमत येते, त्यामुळे ‘आत्तापुरती’ वस्तू घेणं महागात पडतं.

शहरात असताना देवळाला १० सोनं दान दिलं तर पुढच्या सिनॅरिओसाठी डेकमध्ये दोन ब्लेस येतात, म्हणजे हल्ला दुप्पट करणारे दोन पत्ते. मोठा हल्ला असलेल्या पात्राने हे दर वेळी करावं. शिवाय या दानातून शहराची भरभराट, म्हणजे शहराची स्वतःची लेव्हलही वाढत जाते.

पुढे कथेच्या ओघात पत्त्यांवर कायमचे स्टिकर लावून त्यांना बळ देण्याची सोय उघडते. पहिल्या लेव्हलच्या पत्त्यावर चालीला +१ ला ३० सोनं, एकाच शत्रूवरच्या हल्ल्याला +१ ला ५०, अनेकांवरच्या हल्ल्याला त्याच्या दुप्पट. पत्त्याची लेव्हल जितकी वर तितके दर लेव्हलला २५ जास्त, आणि त्याच कृतीवर आधीचा स्टिकर असेल तर आणखी ७५. किती पत्त्यांवर स्टिकर लावता येतील हे शहराच्या भरभराटीवर ठरतं. म्हणून ते लावा पहिल्या लेव्हलच्या, नवव्या लेव्हलपर्यंत हातात राहतील अशाच पत्त्यांवर. चालीचा स्टिकर दिसायला साधा, पण मला तोच सगळ्यांत फायद्याचा वाटतो.

आठवी पायरी: निवृत्तीची तयारी

पात्र घेतानाच दोन वैयक्तिक ध्येयांतलं एक निवडायचं असतं. ते पूर्ण झालं की पात्र निवृत्त होतं आणि नवं खोकं किंवा पाकीट उघडतं. शहराची भरभराट एकने वाढते आणि तुमच्या पुढच्या प्रत्येक पात्राला एक जादा पर्क मिळतो. हा जादा पर्कही राक्षसांना काही देत नाही. म्हणून नवव्या लेव्हलच्या हव्यासाने ध्येय लांबवत बसू नका. दोनदा निवृत्ती घेतलेल्या खेळाडूचं तिसरं पात्र पहिल्या दिवशीच दोन पर्कने पुढे असतं.

निवृत्त पात्राचं सोनं आणि वस्तू खेळात परत जातात. स्टिकर मात्र त्या प्रकारच्या पात्राच्या पत्त्यांवर कायम राहतात. म्हणून ध्येयाची शेवटची अट उरली असतानाच शहरात या, वापरात नसलेल्या वस्तू विका, आणि जमा सोनं स्टिकर व दानावर खर्च करा.

नवं पात्र पहिल्या लेव्हलपासून शहराच्या भरभराटीच्या लेव्हलपर्यंत कुठूनही सुरू करता येतं. सुरुवातीचं सोनं: लेव्हलमध्ये एक मिळवा आणि १५ ने गुणा. तिसऱ्या लेव्हलला ६०. इथे पुन्हा सरासरी बघा. बाकीचे तिघे पाचव्या लेव्हलवर असतील आणि तुम्ही पहिलीवर आलात, तर सरासरी ४, सिनॅरिओची लेव्हल ३ वरून २ वर उतरते. तिसरीवर आलात तर सरासरी ४.५, आणि लेव्हल ३ च राहते. कमी आयुष्याचं, नाजूक पात्र असेल तर मी वरूनच सुरुवात करेन, कारण खालच्या लेव्हलला ते दुसऱ्या खोलीपर्यंतही पोहोचत नाही. दणकट पात्र असेल आणि त्याचे पत्ते अजून ओळखीचे नसतील, तर पहिल्या लेव्हलपासून या. गटाला दोन-तीन सिनॅरिओ जरा हलके जातील आणि तुम्हाला प्रत्येक नवा पत्ता एकेक करून समजून घेता येईल.

टेबल आवरण्याआधी एक काम राहतं. जुन्या पात्राच्या पर्कचे पत्ते मॉडिफायर डेकमधून वेगळे करून त्यांच्या खोक्यात ठेवा, काढलेले −१ आणि ० परत घाला, आणि डेक मोजून पुन्हा २० वर आणा. मगच नव्या पात्राचे पर्क लावायला घ्या.